पोकेमॉन स्कार्लेट-व्हायोलेट: कथा संपली, आता काय आणि कोणत्या क्रमाने

एरिया झिरो या शेवटच्या टप्प्याच्या खोल खड्ड्यातून वर येऊन शेवटची नामावली सरकली की अठरा बॅज हातात असतात, नकाशा पूर्ण उघडलेला असतो आणि पुढे काय करायचं ते खेळ धडपणे सांगत नाही. बरेच जण इथेच खेळ बाजूला ठेवतात किंवा त्याच दिवशी शायनी (वेगळ्या रंगाचे दुर्मीळ पोकेमॉन) शोधायला निघतात. दुसरी चूक जास्त महागात पडते, कारण शायनीसाठी लागणारं जवळपास सगळं सामान अजून कुलपात आहे. पाल्डियात, म्हणजे खेळातल्या प्रदेशात, कथेनंतरच्या गोष्टी एकीतून एक उघडत जातात. म्हणून क्रम असा ठेवा: आधी जिम, मग स्पर्धा, मग मोठ्या टेरा रेड (चौघांनी मिळून एका बलाढ्य बॉस पोकेमॉनशी करायच्या लढती). पोकेडेक्स (पकडलेल्या पोकेमॉनची नोंदवही), दंतकथेतले पोकेमॉन आणि ट्रेनिंग यांच्या अधेमधे चालू द्या. शायनी सगळ्यात शेवटी.

जिम पुन्हा, मग अकॅडमीची स्पर्धा

अकॅडमीत परत गेलात की चेअरवुमन गीता आठही जिम पुन्हा तपासायची कामगिरी देते. या वेळी ऑलिव्ह लोटणं, लपंडाव वगैरे परीक्षा नाहीत. जिमच्या गावात जायचं, लीडरशी बोलायचं आणि लढायचं. क्रम कोणताही चालतो. लीडरांचे पोकेमॉन साठीच्या मध्यावरच्या लेव्हलचे असतात, त्यामुळे सहाही जण ७० च्या आसपास असले की फारसं अडत नाही. माँटेनेव्हेरातल्या राइमशी लढत दोन-दोनची असते एवढं लक्षात ठेवा. पहिल्या जागी एकटा दमदार आणि दुसऱ्या जागी कच्चा भिडू ठेवला असेल तर दोघेही एकदमच मैदानात येतील.

आठही झाले की अकॅडमी एस टूर्नामेंट उघडते. लागोपाठ चार लढती, समोर शिक्षक आणि मित्र. पहिल्यांदा जिंकणं महत्त्वाचं, कारण सहा ताऱ्यांच्या रेडचा रस्ता तिथून जातो. पुढे हीच स्पर्धा पैसे कमवायला कामी येते. अ‍ॅम्युलेट कॉइन धरलेला पोकेमॉन लढतीत एकदा जरी उतरला तरी बक्षिसाची रक्कम दुप्पट होते. गोल्डेंगो असेल तर त्याच्या मेक इट रेनने वर आणखी नाणी पडतात. पुढचा ट्रेनिंगचा खर्च पाहता या स्पर्धेच्या पाच-सात फेऱ्या कराव्याच लागतात.

टेरा रेड: बाकी सगळं इथून येतं

पाच ताऱ्यांच्या रेड कथा संपल्यावर दिसायला लागतात. स्पर्धा जिंकल्यावर चार-पाच ताऱ्यांच्या सुमारे १० रेड जिंका. मग जीवशास्त्राचे शिक्षक जॅक फोन करतात आणि नकाशावर काळा स्फटिक दिसू लागतो. तीच सहा ताऱ्यांची रेड. स्फटिक रोज मध्यरात्री बदलतात, तेव्हा काळा स्फटिक दिसला की त्या दिवशीच संपवून टाका.

रेडवर एवढा जोर का? एक्स्प कँडी, टेरा शार्ड, बॉटल कॅप इथून मिळतात. शायनी सँडविचला (खाल्ल्यावर काही वेळ शायनीची शक्यता वाढवणारं) लागणारी हर्बा मिस्टिका ही दुर्मीळ वनस्पती तर पाच आणि सहा ताऱ्यांच्या रेडखेरीज जवळपास कुठेच मिळत नाही. शिवाय पाच ताऱ्यांतून पकडलेल्या पोकेमॉनचे किमान ४ आणि सहा ताऱ्यांतल्याचे किमान ५ आयव्ही (जन्मजात गुणांचे आकडे) पूर्ण असतात. पाच ताऱ्यांची डिट्टोची रेड दिसली तर बाकीची कामं बाजूला ठेवा. अंडी काढायची झाली तर तोच डिट्टो कायम लागणार आहे.

पाच तारे अंदाधुंद लढूनही निघतात. सहाला तसं चालत नाही, कारण बॉसची लेव्हल ९० असते. हरण्याचं नेहमीचं कारण म्हणजे फक्त टेरा टाइप (स्फटिकरूप घेतल्यावरचा टाइप) बघून पोकेमॉन निवडणं. टेरा टाइप बदलला तरी बॉसच्या चाली त्याच्या मूळ टाइपच्याच राहतात. इलेक्ट्रिक टेराचा गारचॉम्प घ्या. इलेक्ट्रिकवर ग्राउंडचे वार चालतात हे बरोबर. पण तो अर्थक्वेक मारणारच, म्हणून स्वतः इलेक्ट्रिक असलेला आयर्न हँड्स नेला तर तो पहिल्या दोन-तीन फटक्यांत आडवा होतो. निवडताना दोन प्रश्न विचारा: माझी चाल त्याच्या टेरा टाइपला लागते का, आणि त्याच्या मूळ चाली मला सोसवतात का? दुसऱ्याचं उत्तर ‘नाही’ असेल तर पहिल्याला अर्थ उरत नाही. तुम्ही पडलात की वेळेच्या पट्टीतून मोठा तुकडा जातो, आणि रेड बहुतेकदा वेळेवरच हरली जाते.

एकट्याने खेळताना एक फायदा मिळतो. सोबत येणारे संगणकाचे तीन भिडू पडले तरी वेळ कापला जात नाही. म्हणून अनोळखी लोकांबरोबर सतत हार होत असेल तर एकट्याने लढून बघा. तुमच्या आवृत्तीतला वाहनाचा पोकेमॉनच यासाठी उत्तम आहे:

- स्कार्लेटमध्ये कोरायडॉन: स्क्रीच, स्वॉर्ड्स डान्स, ड्रेन पंच.
- व्हायोलेटमध्ये मिरायडॉन: मेटल साउंड, काम माइंड, पॅराबोलिक चार्ज.

दोघांच्या हातात शेल बेल द्या. घातलेल्या घावाचा आठवा हिस्सा एचपी (जीव) परत मिळतो आणि ड्रेन पंच किंवा पॅराबोलिक चार्जमधून येतो तो वेगळा. सुरुवातीला स्क्रीच किंवा मेटल साउंडने बॉसचा बचाव पाडा, मग स्वतःची ताकद वाढवा, मग मारा सुरू करा. टेरा ऑर्ब भरायला तीन वेळा वार करावे लागतात, तेव्हा नुसतं बळ वाढवत बसलात तर टेरास्टलाइझ करायला (स्फटिकरूप घ्यायला) उशीर होतो आणि तोवर बॉसची ढाल उभी राहते. बॉस मध्येच तुमचं वाढलेलं बळ पुसून टाकतो. त्यासाठी सगळे वळसे (चाल करायच्या पाळ्या) सुरुवातीलाच तयारीत घालवू नका, एक-दोन वाढी करून लढायला लागा. चीअर (संघाला बळ देणाऱ्या आरोळ्या) तीनच मिळतात. निदान एक एचपी भरायला राखून ठेवा.

पोकेडेक्सचे चारशे

पाल्डियाचा डेक्स ४०० चा आहे. तो पूर्ण करून अकॅडमीत जॅकना भेटलात की शायनी चार्म मिळतो. शायनीचा शोध त्याच्या आधी का सुरू करू नये, ते खाली आकड्यांतून दिसेलच.

डेक्सची पानं उलगडून आधी रिकाम्या जागा पाहा. न दिसलेल्या पोकेमॉनच्या शेजाऱ्यांवरून तो कुणाच्या वंशातला आहे याचा अंदाज येतो. दर १० नोंदींमागे जॅक बक्षीस देतात, ते घेत चला. रिकाम्या जागा साधारण तीन कारणांनी राहतात.

पहिलं कारण आवृत्ती. लार्व्हिटार, डेनो, ड्रिफ्लून, स्टंकी, स्क्रेल्प, ओरांगुरू, स्टोनजर्नर हे स्कार्लेटमध्ये. बेगॉन, ड्रीपी, मिस्ड्रीव्हस, गल्पिन, क्लॉन्चर, पॅसिमियन, आयस्क्यू हे व्हायोलेटमध्ये. कोरायडॉन आणि मिरायडॉनही एकमेकांच्या आवृत्तीत नाहीत, पण कथेनंतर एरिया झिरोमध्ये तुमच्या आवृत्तीतला दुसरा भेटतो, तो ट्रेडच्या कामी येतो. नोंद व्हायला पोकेमॉन क्षणभर तुमच्याकडे आला तरी पुरतं. म्हणून दुसऱ्या आवृत्तीचा मित्र असेल तर दोघांनी एका बैठकीत अदलाबदल करून पुन्हा आपापले परत घ्या. कुणाचं काही जात नाही. आर्मारूज आणि सेरुलेज दोघेही चारकॅडेटपासूनच होतात. चिलखत मात्र आवृत्तीप्रमाणे: झापापिकोत ब्राँझॉरचे १० तुकडे दिले की एक आणि सिनिस्टीचे १० दिले की दुसरं मिळतं.

दुसरं कारण ट्रेडने होणारी उत्क्रांती: हाँटर, मेटल कोट धरलेला सायथर, किंग्ज रॉक धरलेला स्लोपोक. हेही वरच्याच बैठकीत उरका.

तिसरं कारण सगळ्यात जास्त छळतं, कारण या अटी खेळात कुठे नीट लिहिलेल्या नाहीत:

- पॉमो, ब्रॅम्बलिन, रेलर: चेंडूबाहेर काढून सोबत १,००० पावलं चालवा, मग एक लेव्हल वाढवा. कोरायडॉनवर किंवा मिरायडॉनवर बसून केलेला प्रवास धरला जात नाही.
- प्रायमेप: रेज फिस्ट २० वेळा वापरायची, मग लेव्हल. ऑटो बॅटलमधले (सोडलेला पोकेमॉन आपोआप लढतो ते) विजय यात मोजले जात नाहीत, प्रत्यक्ष लढतीतच चाल निवडावी लागते.
- बिशार्प: तुमच्या बिशार्पच्या हातात लीडर्स क्रेस्ट हवा, आणि त्याने हरवलेले तीनही बिशार्प क्रेस्टवालेच हवेत. असे बिशार्प पॉनियार्डच्या टोळीचे म्होरके म्हणून फिरतात. एकटा दिसणारा सहसा उपयोगी नसतो.
- फिनिझेन: युनियन सर्कलमध्ये (एकत्र खेळायच्या सोयीत) दुसरा खेळाडू असताना लेव्हल ३८ किंवा पुढे वाढवा. एकट्याने शंभरपर्यंत नेला तरी काही होत नाही. जवळ बसलेल्या मित्राशी लोकल जोडणी केली तर ऑनलाइन वर्गणी लागत नाही.
- गिमिघूल: ९९९ नाणी. पेटीतला गिमिघूल लढून हरवला की एकगठ्ठा नाणी मिळतात, वाटेवर फिरणारा थोडीच देतो. जुन्या टेहळणी बुरुजांच्या माथ्यावर पेट्या असतात, तेव्हा बुरूज एकही सोडू नका.

रोअरिंग मून किंवा आयर्न व्हॅलियंट एरिया झिरोच्या गुहेत कथेनंतरच भेटतात. आधी शोधून सापडले नसतील तर पुन्हा जा.

बत्तीस खुंट आणि चार देव्हारे

नकाशाभर जमिनीत रोवलेले रंगीत खुंट दिसतात. प्रत्येक रंगाचे ८, एकूण ३२. ते उपटले की त्या रंगाचा देव्हारा उघडतो आणि लेव्हल ६० चा दंतकथेतला पोकेमॉन बाहेर येतो. जांभळ्याला वो-चिएन, पिवळ्याला चिएन-पाओ, हिरव्याला टिंग-लू, निळ्याला ची-यू. खुंट नकाशावर उमटत नाहीत. पण इतिहासाच्या रायफोर्टबाईंचे तास पूर्ण केले आणि त्यांच्याशी बोलत गेलात तर देव्हाऱ्यांच्या जागा मिळतात आणि कथाही कळते. ती कथा चुकवू नये अशी आहे. खुंट शोधताना एका वेळी एकच रंग घ्या. चारही रंग एकत्र गोळा करायला निघालात की कोणता राहिला ते आठवत नाही.

देव्हाऱ्याला हात लावण्याआधी सेव्ह करा. चारही डार्क टाइपचे आणि पकडायला अवघड आहेत. पूर्ण एचपीच्या मानाने एक एचपी उरलेला पोकेमॉन पकडायची शक्यता जवळपास तिप्पट असते, म्हणून फॉल्स स्वाइप (एक एचपी राखून मारणारी चाल) हवीच. झोप लागली तर अडीचपट, लुळेपणा आला तर दीडपट. फॉल्स स्वाइप आणि झोपवणारी स्पोर अशी जोडी असलेला ब्रेलूम या कामाला उत्तम. पण श्रूमिशला स्पोर लेव्हल ४० ला येते, आणि त्याआधी २३ लाच तो ब्रेलूम व्हायला बघतो. तेव्हा बी दाबून थांबवत राहा. घाईने उत्क्रांत केलात तर स्पोर हातची जाते.

ब्रेलूमला दोन ठिकाणी मर्यादा पडतात. वो-चिएन ग्रास टाइपचा, त्याला स्पोर लागत नाही. त्याच्यासाठी लुळं पाडणारी थंडर वेव्ह चालते. उलट टिंग-लू ग्राउंड, त्याला थंडर वेव्ह लागत नाही, स्पोर लागते. ची-यूची आग आणि चिएन-पाओचा बर्फ ब्रेलूमला झोंबतो, म्हणून तो ७५ च्या पुढचा असू द्या. प्रँकस्टर ही खुबी असलेल्या पोकेमॉनच्या स्थिती बिघडवणाऱ्या चाली डार्क टाइपवर चालत नाहीत, हे विसरून पुष्कळ जण वळसे वाया घालवतात.

चेंडूंचं गणित असं. पहिल्याच वळशाला क्विक बॉल, पाचपट. रात्री किंवा गुहेत डस्क बॉल, तिप्पट. लढत दहा वळशांवर गेली की टायमर बॉल, चौपट. मास्टर बॉल यांच्यासाठी मोडू नका, सेव्ह केलेलं असताना ती घाई कशाला. शायनीच्या आशेने पुन:पुन्हा लोड करण्यातही अर्थ नाही. देव्हाऱ्यातून येणारे हे चौघे शायनी निघतच नाहीत.

पक्का पोकेमॉन घडवणं

ऑनलाइन लढायचं असो वा रेड सुटसुटीत करायच्या असोत, एक-दोन पोकेमॉन तरी नीट घडवा. कथा संपल्यावर बॉक्समध्ये आयव्ही तपासायची सोय येते, प्लस बटणाने ती पाहता येते. कमी असलेला आकडा बॉटल कॅप देऊन माँटेनेव्हेरात भरून घ्या. पोकेमॉन लेव्हल ५० चा झालेला असला की पुरे, जुन्या खेळांसारखं शंभरपर्यंत थांबावं लागत नाही. स्वभाव पटला नाही तर तो बदलणारं मिंट, प्रत्येकी २०,०००.

ईव्हीची (ट्रेनिंगने वाढणाऱ्या गुणांची) हद्द एकूण ५१० आणि एका स्टॅटला २५२. सगळ्यात सोपा मार्ग व्हिटॅमिन: एकात १०, म्हणजे एक स्टॅट भरायला २६ लागतात. २५ मध्ये २५० होतात आणि शेवटचे दोन सव्विसाव्याने. चॅन्सी सप्लायमध्ये एक १०,००० ला, तेव्हा दोन स्टॅट म्हणजे ५,२०,०००. स्पर्धेच्या फेऱ्या यासाठीच करायच्या. कथेत लढून लढून नको तिथे ईव्ही साचलेले असतात, ते आधी उतरवा. सारांशाच्या पानावर एल दाबून आलेख पाहा आणि बेरी खाऊ घाला: पोमेग एचपीसाठी, केल्प्सी अटॅक, क्वालॉट डिफेन्स, होंड्यू स्पेशल अटॅक, ग्रेपा स्पेशल डिफेन्स, टमाटो स्पीड. एका बेरीने १० उतरतात. हे न करता व्हिटॅमिन द्यायला लागलात तर मध्येच ‘परिणाम होणार नाही’ असं येतं आणि कारण कळत नाही.

टेरा टाइप बदलायला मेडालीच्या ट्रेझर ईटरीत एकाच टाइपचे ५० शार्ड द्यावे लागतात. हे शार्ड रेडमधूनच साठतात, म्हणून चौथ्या-पाचव्या पोकेमॉनचा टाइप बदलायच्या आधी हिशेब करा.

आता शायनी

साधी शक्यता ४,०९६ त एक. शायनी चार्मने ती १,३६५ त एक होते. स्पार्कलिंग पॉवर लेव्हल ३ चं सँडविच जोडलं की ६८३ त एक. त्यात एकाच जातीच्या मास आउटब्रेकमध्ये (एका जागी जमलेल्या झुंडीत) ६० हून अधिक हरवले की ५१२ त एक. ३० हरवल्यावर निम्मा फायदा मिळतो, पण मग साठपर्यंत जाणंच बरं. यातली कुठलीही पायरी गाळली की शोध लांबतो, आणि हर्बा मिस्टिका महाग असल्याने चार्मशिवाय सँडविच खाणं म्हणजे शुद्ध नुकसान.

पद्धत अशी:

१. सेटिंगमध्ये जाऊन ऑटोसेव्ह बंद करा. हे विसरलात तर पुढचं सगळं फुकट.

२. आउटब्रेकच्या जागी जा. आर दाबून आपला पोकेमॉन सोडा आणि ऑटो बॅटलने साठच्या पुढे हरवा. संख्या कमी होत असल्याचे संदेश येत राहतात. तरी स्वतः मोजणं चांगलं.

३. आता स्वतः सेव्ह करा.

४. पिकनिक मांडा आणि क्रिएटिव्ह मोडमध्ये सँडविच बनवा. टाइपप्रमाणे एक भरण (पाण्यासाठी काकडी, ड्रॅगनसाठी अ‍ॅव्होकाडो, नॉर्मलसाठी टोफू, इलेक्ट्रिकसाठी पिवळी ढोबळी मिरची) आणि वर दोन हर्बा मिस्टिका. सॉल्टी आणि स्पायसी ही जोडी घेतली की स्पार्कलिंगबरोबर एनकाउंटर पॉवरही (त्या टाइपचे पोकेमॉन जास्त दिसतात) मिळते. भरणाचे तुकडे खाली सांडले तर टाइप बदलू शकतो. म्हणून खाल्ल्यावर दिसणारी यादी वाचा. हवा तो टाइप नसेल तर लगेच लोड करा, हर्बा परत मिळेल.

५. पुढे ३० मिनिटं. आजूबाजूला पाहा, नसेल तर पिकनिक उघडून लगेच बंद करा. सगळे नव्याने येतात.

६. वेळ संपेपर्यंत काही मिळालं नाही तर सेव्ह पुन्हा लोड करा. आउटब्रेकची मोजणी आणि हर्बा दोन्ही जागच्या जागी असतात. मात्र मध्यरात्र झाली की आउटब्रेक जातो, तेव्हा रात्री साडेअकराला सुरू करू नका.

या खेळात मैदानावर फिरणारा शायनी चमकत नाही आणि आवाजही करत नाही. रंगावरूनच ओळखायचा. गारचॉम्पसारख्यांत तर फरक इतका पुसट की उन्हात डोळा फसतो. शंका आली की आपला पोकेमॉन त्याच्याकडे सोडा. समोरचा शायनी असेल तर आपला पोकेमॉन ऑटो बॅटल करायला नकार देतो आणि मागे फिरतो. तेव्हा झेडआरने चेंडू टाकून लढत सुरू करा, आणि पकडल्याबरोबर सेव्ह करा.

आउटब्रेक येत नसलेल्या जातींसाठी अंडी हा मार्ग. आईबाप वेगवेगळ्या भाषांतल्या खेळांतले असले की चार्मसह शक्यता तशीच ५१२ त एक. रेडमधल्या त्या डिट्टोला डेस्टिनी नॉट धरायला द्या म्हणजे बारा आयव्हींतले पाच वारशात जातात. स्वभाव टिकवायचा असेल तर दुसऱ्याकडे एव्हरस्टोन. ग्रेट पीनट बटर सँडविचने एग पॉवर लेव्हल २ मिळते आणि टोपली भराभर भरते. संघात फ्लेम बॉडी ही खुबी असलेला पोकेमॉन ठेवला की अंडी निम्म्या पावलांत उबतात.

डीएलसी कधी

टील मास्क हा वेगळा घ्यायचा जोडभाग (सप्टेंबर २०२३) कथा चालू असतानाही खेळता येतो. इंडिगो डिस्कला (डिसेंबर २०२३) मात्र मुख्य कथा आणि टील मास्क दोन्ही संपलेले लागतात. तिथल्या जवळपास सगळ्या लढती दोन-दोनच्या आहेत आणि प्रतिस्पर्धी नीट आखणी करून येतात. कथेतला एकट्याच्या जोरावर जिंकणारा संघ तिथे अडखळतो, म्हणून वरचं ट्रेनिंग झाल्यावरच ब्लूबेरी अकॅडमीत पाऊल टाका. प्रोटेक्ट शिकलेले दोन-तीन पोकेमॉन आणि एकदम दोघांना लागणारी एखादी चाल सोबत असू द्या.